पाथरीवालीचं नाव

खैरटोल्यात कोणाचं नाव कसं पडलं हे जाणून घ्यायचं असेल, तर तलाठ्याच्या दप्तराचा उपयोग नव्हता. मनकर्णाबाईच्या ओसरीवर जावं लागे. सोमारी सोमवारची, हे कोणीही सांगेल. पण झिंगू जन्मला त्या आठवड्यात नाल्याला झिंगे इतके चढले होते की पाहुण्यांनाही तेच वाढले, आणि कोलूची माय पोटुशी असताना कोल्ह्याला भिऊन बांधावरून पडली होती, हे फक्त तिलाच ठाऊक. शाळेत ती दुसरीपर्यंत गेली होती. तिसरीत मास्तरांनी छडी मारली, तिनं छडी मोडली, आणि शिक्षण संपलं. अक्षरं मात्र राहिली. बोट फिरवत, एकेक करून ती वाचायची.

ह्या मुलखात बाई लग्न होऊन आली की तिचं नाव माहेरीच राहतं. गाव तिला तिच्या माहेरच्या गावानं हाक मारतं: मूलवाली, तळोधीवाली, पाथरीवाली. मनकर्णाबाई नवरगावची. पण लग्नाला दहा-बारा वर्षं होऊन घरात तिचं वजन वाढलं, तशी ती 'नवरगाववाली' अशी हाक आली की जागची हलेना. "ते नवरगावात राह्यते. जा तिथी, मोड पाय," म्हणायची. पाच वर्षं असं चाललं आणि गाव वठणीवर आलं. सारे मनकर्णाबाई म्हणू लागले. स्वतःच्या सुनेला मात्र ती पहिल्या दिवसापासून नागपूरवाली म्हणत आली होती, आणि त्यात काही वावगं आहे असं तिच्या मनाला कधी शिवलं नव्हतं.

सून कांता, नागपूरची, बी. ए. झालेली. मुलगा वामन सिंदेवाहीच्या भात संशोधन केंद्रात नोकरीला. रोज सायकलनं जायचा, रोज सायकलनं यायचा. शहाऐंशी सालच्या पूस महिन्यात कांताला मुलगी झाली. दिवस भरायच्या आधीच पोटात दुखू लागलं, माहेरी न्यायला वेळ मिळाला नाही, म्हणून बाळंतपण खैरटोल्यातच झालं. पाचवीला कांताचा भाऊ नागपूरहून डिंकाचे लाडू घेऊन आला, आणि सोबत एक पुस्तक. नावांचं. अर्धं मुलांच्या नावांचं, अर्धं मुलींच्या, आणि प्रत्येक नावापुढं त्याचं मूळ आणि अर्थ छापलेला.

भाऊ गेला तशी कांता मांडीवर लेक आणि हातात पुस्तक घेऊन बसली. मनकर्णाबाई बाजेखाली निखाऱ्यांची शेगडी सारत होती.

"माय, सापडलं," कांता म्हणाली. "मृणाल."

"ते काय असते?"

"कमळाचा देठ. संस्कृत आहे."

"देठ?"

"कमळाचा, माय."

"आपल्या बोडीत कमळं हायेत. देठ ओढून पाह्यला का तू कधी? आतून बुळबुळीत, वरून बारीक काटे. आमी त्याची मिर्ची घालून भाजी करतो. फूल सोडून पोरीले देठ म्हनून राह्यली?"

"पुस्तकात लिहून आहे. मोठ्या पंडितानं तपासलेलं आहे."

"पंडितानं तपासलं असन. आता मी तपासतो." मनकर्णाबाईनं हात पुसले आणि भिंतीला टेकून बसली. "शांता काढ."

"शांता. मूळ संस्कृत. अर्थ, शांत स्वभावाची."

गल्लीतली शांता नेमकी तेव्हाच विहिरीवर कोणाच्या तरी सात पिढ्यांचा उद्धार करत होती. घरात बसून शब्द न् शब्द ऐकू येत होता. मनकर्णाबाईनं फक्त कानामागं हात धरला, सुनेला नीट ऐकू दिलं, आणि म्हणाली, "पुढं. सुगंधा."

"जिच्या अंगाला सुवास आहे ती."

सुगंधाबाई तीस वर्षं सिंदेवाहीच्या बाजारात सुकी मासळी विकत होती. कांताला हसू आलं, तिनं ते पदरात दाबलं.

"खुशाल."

"आनंदी. सुखी."

"लग्नापासून हसला नाई तो. वामन काढ."

कांतानं पानं उलटली. "वामन म्हणजे विष्णूचा अवतार. आणि... ठेंगणा."

वामन कामावरून आला तो अशा वेळी. नेहमीसारखाच दाराच्या चौकटीखाली मान वाकवून आत शिरला.

"अजून वाकव रे," मनकर्णाबाई म्हणाली. "तू ठेंगना हायेस. छापून आलं."

वामननं दोघींकडं पाहिलं आणि शहाणपणानं सायकलचा पंप शोधायला परत बाहेर गेला.

"आता मनकर्णा."

कांतानं म दोनदा पालथा घातला. "नाही आहे."

"मी नाई त्यात?"

"नाही."

"मंग ते पुस्तक पुरं नाई," मनकर्णाबाई म्हणाली आणि उठली. तिच्या लेखी खटला निकालात निघाला होता.

पण कांता नागपूरची असली तरी मऊ मातीची नव्हती. "माय, बसा," ती म्हणाली. "अर्थ शब्दाचा असतो. माणूस तसाच निघेल असं थोडीच असतं!"

"शब्द कोनाच्या अंगावर घालतेत? मानसाच्याच ना? झबलं शिवाच्या आधी अंग पाहतेत, बाई."

"बरं. चुका काढणं सोपं आहे. आता तुम्ही सांगा एक नाव. ते कुठून आलं ते सांगा, आणि पुरावा दाखवा. पुस्तकाला लावलं तेच माप तुमच्या नावाला. पटलं तर तेच ठेवू. नाही पटलं तर बाराव्या दिवशी मृणाल, आणि मग देठाचं नाव काढायचं नाही."

"कबूल," मनकर्णाबाई म्हणाली. ती ह्याचीच वाट पाहत होती. पोरगी पहिल्यांदा रडली तेव्हापासून नाव तिच्या मनात तयार होतं. "वामनच्या आजीचं नाव ठेवाचं. बोडीवाल्या बुढीचं."

त्या बुढीला, म्हणजे मनकर्णाबाईच्या सासूला, जाऊन वीस वर्षं झाली होती. एका दुष्काळात गावातले पुरुष कामाच्या शोधात बाहेर पडले, तेव्हा तिनं मागं राहिलेल्या बायका गोळा केल्या आणि टोपल्यांनी माती वाहून बोडीची पाळ घातली. आज खैरटोल्याचं अर्धं धान त्या तळ्याच्या पाण्यावर पिकतं, आणि गाव त्याला 'पाथरीवालीची बोडी' म्हणतं. मनकर्णाबाई तिला आणखी एका गोष्टीसाठी मानायची. बारा वर्षांची नवरी होती तेव्हा ती दोनदा माहेरी पळाली. दुसऱ्या खेपेला सासू स्वतः आणायला आली. वाटेत नाला भरलेला. सासूनं एक शब्द न बोलता तिला पाठुंगळी घेतलं आणि पाण्यात उतरली. मधोमध आल्यावर म्हणाली, "आता पळालीस तं मले सांगून पळ. मी बी येतो." त्यानंतर ती पळाली नाही.

"चांगलं आहे," कांता म्हणाली. "नाव काय होतं त्यांचं?"

मनकर्णाबाईनं तोंड उघडलं आणि मिटलं.

सासूचं नाव सुनेनं घ्यायचं नसतं. ती जिवंत असताना नाही आणि गेल्यावरही नाही. बेचाळीस वर्षांत ते तिच्या ओठांवर आलं नव्हतं. ठाऊक मात्र होतं: भागरता. तिच्याच लग्नात, मांडवात, सासरकडचा एक म्हातारा ओरडला होता, "भागरतेले लावा रे पह्यलं कुंकू!" आणि सासू डोक्यावर पदर घेऊन पुढं आली होती. नवऱ्या मुलीनं ते ऐकलं आणि कायमचं गाठीला बांधलं.

"वामन!" तिनं हाक मारली. "सांग रे तुह्या आजीचं नाव."

"बुढी," बाहेरून वामन म्हणाला.

"अरे, नाव!"

"पाथरीवाली."

"बैला, नाव इचारून राह्यली तुले!"

वामन दारात आला, डोकं खाजवलं. "बाबा 'माय' म्हनत जाय. आमी 'बुढी' म्हनो. नाव कोनी घेतलंच नाई तं मले कसं मालूम?"

कांता हसत नव्हती, तेच जास्त झोंबलं. ती सरळ म्हणाली, "चार गावांची नावं तोंडपाठ, माय. आणि घरचंच एक नाही?"

मनकर्णाबाईच्या तोंडावर असं आजवर कोणी बोललं नव्हतं, आणि बोललं ते खोटं नव्हतं. घरात दोन हंडे पाणी भरून ठेवत ती म्हणाली, "नाव हाय. फक्त माह्या तोंडानं येत नाई. अहेरीले माही ननंद हाय. तिची माय व्हय ते, तिले घेता येते. मी उद्या जातो, साक्षीदार घेऊन येतो. शेवंताले बोलावून घे, तंवर ते पाहीन तुह्याकडं."

शेवंता म्हणजे तिची थोरली लेक, शेजारच्या गावात दिलेली. ती सकाळी आली, आणि मनकर्णाबाई पहिल्या एस.टी.त बसली.

सिंदेवाहीहून मूल, मूलहून आष्टी, आष्टीहून अहेरी. तीन गाड्या, सकाळपासून दुपारपर्यंतचा प्रवास. शेवटच्या गाडीत कंडक्टरनं विचारलं, "काय बुढीमाय, एवढ्या लांब एकटीच?" ती म्हणाली, "नाई, तू हायेस ना," आणि पुढचे दोन तास त्याचं गाव, त्याच्या आजाचं नाव, आणि त्याची धाकटी बहीण कोणत्या सणाला जन्मली हे सारं काढून घेतलं. सागाच्या जंगलातून गाडी धूळ उडवत जात होती. तिला कशाचीच काळजी नव्हती. नाव ठाऊक होतं, ते बोलणारं तोंड तेवढं आणायचं होतं.

बायनाबाई, तिची नणंद, अंगणात सुपानं धान पाखडत होती. वयानं मनकर्णाबाईपेक्षा पाच-सहा वर्षांनी मोठी, अंगानं काडी.

"अव माय!" ती म्हणाली. "वयनी? कोन मेलं?"

"कोनी नाई मेलं. नात झाली."

"मंग कागद टाकाचा. एवढ्या दूर सांगाले आली? तू तं वामन झाला तईबी आली नोती."

चहा झाला. मनकर्णाबाईनं पुस्तकाची सगळी हकीकत सांगितली. मासळीवाल्या सुगंधेपाशी बायनाबाई इतकी हसली की तिला ठसका लागला. पण बारशाला चल म्हटल्यावर तिनं मान हलवली. तिच्या नातसुनेचे दिवस भरले होते. आज की उद्या. घर सोडणं शक्य नव्हतं.

"बरं, नको येऊ," मनकर्णाबाई म्हणाली. "इथीच बोल. तुह्या मायचं नाव घे एकदा. मले ठाऊक हाय, पन तुह्या तोंडून आयकलं म्हंजे मी छातीवर हात ठेवून सांगन."

"हिरानखी," बायनाबाई म्हणाली.

"कोन?"

"माही माय. हिरानखी."

"काहीतरीच! भागरता..." मनकर्णाबाईच्या तोंडून निघून गेलं, आणि तिनं दोन्ही हातांनी तोंड झाकलं. बेचाळीस वर्षं जपलेलं नाव असं थुंकीसारखं बाहेर पडलं होतं. तिनं कान धरले, जीभ चावली, आभाळाकडं पाहून हात जोडले.

बायनाबाई तिच्याकडं पाहतच राहिली. मग सूप बाजूला ठेवून हसायला लागली. पोट धरून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत.

"नको कान धरू, वयनी! ते माय नव्हेच! भागरता म्हंजे बाबाची पह्यली बायको! मायची सवत!"

मनकर्णाबाईचे जोडलेले हात खाली आले.

तिच्या सासऱ्याची पहिली बायको मूलबाळ न होता वारली होती, हे तिला ऐकून माहीत होतं. सासू दुसरेपणाची. मेलेल्या सवतीचा चांदीचा टाक, म्हणजे तिची मूर्ती कोरलेला लहानसा पत्रा, सासूच्या गळ्यात काळ्या पोतीत असायचा. दुसरेपणावर आलेल्या बाईला तो घालावाच लागे. घरात मंगलकार्य निघालं की पहिलं कुंकू त्या सवतीच्या टाकाला. त्या दिवशी मांडवात म्हातारा ओरडला तो त्यासाठी. सासू पुढं आली ती गळ्यातला टाक पुढं करायला. कुंकू टाकाला लागलं, आणि पदराखालून चोरून पाहणाऱ्या बारा वर्षांच्या पोरीला वाटलं, हीच भागरता. पुढं ते नाव तिनं कोणापुढं घेतलं नाही, म्हणून कोणी ते दुरुस्तही केलं नाही.

"म्हंजे मी..." ती म्हणाली. "म्हंजे मी नातीले बुढीच्या सवतीचं नाव देऊन राह्यली होती?"

"मायनं वरून येऊन तुह्या डोक्यात उलथनं घातलं असतं."

"थांब. हसू नको. तू तरी कशावरून म्हनतेस? तुह्या बाबानं तं तिले कधी नावानं हाक मारली नसन."

"नाई मारली. 'अवो' म्हने."

"गावानं?"

"गावानंबी नाई."

"मंग? पुरावा दाखव. मी पुस्तकाले सोडलं नाई, तुले काऊन सोडू?"

बायनाबाई उठली, गुडघ्यावर हात ठेवून आत गेली, आणि कोठीच्या मागून मातीचं एक लहान गाडगं घेऊन आली. तोंडाला फडकं बांधलेलं. तिनं फडकं सोडलं आणि मनकर्णाबाईच्या तळहातावर मूठभर धान ओतलं. बारीक, लांबट दाणा, टोकाशी नखासारखी बारीक चमक.

"हे हिरानखी," ती म्हणाली. "पाथरीकडं पेरत होते पह्यले. मायची माय हेच कापत होती, मार्गशीर्षात, तईच कळा सुरू झाल्या. बांधावर झाली पोरगी. कापनाऱ्या बायायनं तिले ह्याच पेंढ्यावर ठेवलं आन नाव बी हेच ठेवलं. माह्या लग्नात मायनं ओटीत दोन मुठी बियाणं घातलं. म्हने, 'बायने, गळ्यात सवतीचं नाव हाय, गावाच्या तोंडात पाथरीचं. माहं नाव कोनाच्या कामाचं नाई. तू पेरत जा.' मी दरसाल एक वाफा पेरतो. माहे पोरं म्हनते, 'माय, एवढ्याशा धानानं काय पिकते?' मी म्हनतो, तुमचं काय जाते?"

मनकर्णाबाई तळहाताकडं पाहत राहिली. बेचाळीस वर्षं ती ज्या बाईच्या घरात राहिली, जिच्या पाठुंगळी बसून नाला ओलांडला, जिनं तिची बाळंतपणं केली, जिची दुखणी तिनं काढली, त्या बाईचं नाव तिला आज कळत होतं.

"मी चुकली," ती म्हणाली.

"काय म्हनली?" बायनाबाईनं कानाला हात लावला. "पुन्हा म्हन वयनी. अहेरीच्या बाजारात दवंडी देतो."

"एकदा म्हनलं, बास झालं. दोन मुठी दे."

बायनाबाईच्या मुलानं, म्हणजे मनकर्णाबाईच्या भाच्यानं, विचारलं, "मामी, चिठ्ठी लिहून देऊ का? वहिनीले नाव वाचता येईन."

"नको. कागदासंगं भांडून आली मी. जिंकाले कागद कशाले लागते?" असं म्हणून तिनं धान पदराच्या टोकात घट्ट बांधलं.

परतीच्या गाडीत ती कंडक्टरशी बोलली नाही. एक विचार येऊन बसला होता. ही चूक कोणालाच ठाऊक नव्हती. भागरता हे नाव तिनं कांतासमोर घेतलंच नव्हतं. मुकाट्यानं खरं नाव पुढं करावं, जिंकावं, संपलं. आष्टीपर्यंत तिनं हा विचार उलटापालटा करून पाहिला. मग तिला आपणच कांताला म्हटलेलं आठवलं: आता मी तपासतो. तपासायचं म्हटल्यावर आपलं माप झाकून कसं चालेल? मूलच्या स्टँडवर उतरेपर्यंत तिचं ठरलं होतं, आणि ठरल्यावर तिची मान परत ताठ झाली.

अकराव्या दिवशी दुपारी ती घरी पोचली. पाय धुतले, पोरीचं तोंड पाहिलं, आणि सूप घेऊन कांतापुढं बसली. शेवंता पाळण्याला दोरी बांधत होती.

"साक्षीदार कुठे आहे?" कांतानं विचारलं.

"हे घे." तिनं पदराची गाठ सोडून धान सुपात ओतलं. "आन पह्यले हे आयक. तुह्या पुस्तकात मी चार चुका काढल्या. माह्यात एक निघाली. पन ते चारहीच्या वरची होती." आणि तिनं सगळं सांगितलं: मांडव, टाक, कुंकू, सवत. अहेरीच्या अंगणात आपण कान कसे धरले तेही. शेवंता दोरी सोडून खाली बसली आणि हसता हसता भिंतीला टेकली. कांता मात्र सुपाकडं पाहत होती.

"आणि खरं नाव?"

"सुपात हाय."

"धान?"

"वामनले येऊ दे. मी त्याले काही सांगनार नाई, तूबी सांगू नको. तो रोज धानातच राह्यते. त्यानं वळखलं तं खरं, नाई तं मृणाल."

वामन दिवस कलताना आला. मान वाकवून आत आला, तर तिघी सूप मध्ये ठेवून त्याची वाट पाहत बसलेल्या. त्याला वाटलं काही भांडण झालं.

"हे काय आहे ते सांग," कांता म्हणाली.

त्यानं चिमूटभर दाणे तळहातावर घेतले, दुसऱ्या तळव्यानं चोळले, तूस फुंकून उडवलं. तांदूळ दाताखाली धरला. पुन्हा एक दाणा उजेडाकडं धरून टोक पाहिलं. त्याचे डोळे मोठे झाले.

"कुठून आनलं? ही हिरानखी हाय. आमच्याकडं बाटलीत नमुना हाय, शेतात मी तं पाह्यलीच नाई. माय, कोन पेरते आता ही?"

कांतानं ते नाव एकदा हळूच म्हणून पाहिलं. मग मांडीवरच्या पोरीकडं पाहून पुन्हा म्हटलं. पोरगी झोपेत तोंड चाळवत होती.

"मूळ सांगा," ती मनकर्णाबाईला म्हणाली. आवाजात आता पैज नव्हती.

मनकर्णाबाईनं पाथरीचा बांध सांगितला, पेंढा सांगितला, बायनाबाईच्या ओटीतल्या दोन मुठी सांगितल्या. आणि सासू काय म्हणाली होती तेही: गळ्यात सवतीचं, गावाच्या तोंडात पाथरीचं.

कांतानं पोरीचं झबलं सारखं केलं. मग खाली पाहतच म्हणाली, "मला इथे येऊन तीन वर्षं झाली माय. शेजारणीला माझं नाव विचारा. सांगता नाही येणार तिला."

मनकर्णाबाई उठून शेगडीत निखारे घालायला गेली. गेली ती तशीच राख उकरत बसली.

दुसऱ्या दिवशी बारसं झालं. पाळण्याखाली सुपात हिरानखीचं धान होतं. आत्या म्हणून शेवंतानं पोरीच्या कानाशी तोंड नेलं आणि नाव घेतलं. आजीचं नाव घ्यायला नातीला कसली अडचण? बायकांनी एकमेकींना विचारलं, कोणाचं नाव, कुठलं नाव. मनकर्णाबाईनं प्रत्येकीला पहिल्यापासून सांगितलं, स्वतःच्या चुकीसकट, आणि दर वेळी चूक थोडी मोठी होत गेली. सुगंधाबाई म्हणाली, "पन बाई, तुमाले तं ह्या पोरीले नावानं हाक मारता येनार नाई." मनकर्णाबाई म्हणाली, "हाक तिनं मले मारावी. मी मोठी."

घुगऱ्या वाटून झाल्यावर, पाहुण्या अंगणात पानसुपारी खात असताना, मनकर्णाबाई ते पुस्तक घेऊन आतल्या खोलीत कांतापाशी आली. शेवटी दोन कोरी पानं होती, ती तिनं आधीच पाहून ठेवली होती.

"पेन घे," ती म्हणाली. "कांता, लिही."

कांतानं मान वर केली. पण मनकर्णाबाई पानाकडंच पाहत होती.

कांतानं नाव लिहिलं. मूळ ह्या शब्दापुढं लिहिलं: पाथरी, बांधावर, मार्गशीर्षातल्या कापणीत. साक्ष: बायनाबाई, अहेरी. मग थांबली. "आणि अर्थ?"

"ते जागा रिकामी ठेव."

"काऊन?" नागपूरची पोरगी खैरटोल्याचं बोलली.

"पोरगी बारा दिवसांची हाय. तिनं अजून काही केलं का? मोठी होऊ दे, पाळ घालते का पुस्तक लिहिते ते पाहू दे. मंग कोनी जिवंत असन तो लिहीन."

तिनं पुस्तक ओढून घेतलं आणि बोट पहिल्या अक्षरावर ठेवलं. एकेक अक्षर करत शेवटपर्यंत गेली. ओठ घट्ट मिटलेले होते.

"बरोबर हाय," ती म्हणाली.

तेवढ्यात अंगणातून शांतेचा आवाज आला, शांत स्वभावाच्या. "ओ नागपूरवाली! पाळन्यातली पोरगी उठली ना व, रडून राह्यली!"

कांता उठू लागली. मनकर्णाबाईनं तिच्या खांद्यावर हात ठेवून तिला खाली बसवलं, आणि अख्ख्या गल्लीला ऐकू जाईल असा आवाज लावला.

"नागपूरवाली नागपुरात राह्यते! इथी कांता राह्यते. नावानं हाक मार, मंग येईन!"